नोकरी सांभाळून वृंदगान: तुकड्यातुकड्यांच्या वेळात चार आवाजांची तयारी कशी करावी

हौशी क्वायरमध्ये गाणाऱ्या माणसाला एक प्रश्न हमखास विचारला जातो, तो म्हणजे दिवसभर नोकरी करून गाण्याला वेळ मिळतो कसा. मी मुंबईत एका बँकेत काम करते आणि गेली बरीच वर्षे चार भागांत गाणाऱ्या एका हौशी वृंदात ऑल्टोच्या, म्हणजे स्त्रियांच्या खालच्या आवाजाच्या, रांगेत उभी राहते. त्या अनुभवावरून मी एवढे सांगू शकते की वेळ मिळतो, पण तो सलग मिळत नाही. लोकलमधली पस्तीस मिनिटे, जेवणाच्या सुट्टीतली दहा मिनिटे, रात्री ओटा आवरून झाल्यावरची पंधरा मिनिटे असा तो तुकड्यातुकड्यांनी हाती येतो. रोज दीड-दोन तास एका बैठकीत बसू शकणाऱ्या विद्यार्थ्याची सरावपद्धत आपण तशीच उचलली, तर आठवडाभर ती बैठक जमत नाही, मनाला अपराधी वाटत राहते आणि रविवारच्या तालमीला माणूस कोराच जातो. म्हणून नोकरदार गायकाने जास्त वेळ शोधण्याच्या मागे न लागता, मिळणाऱ्या तुकड्यांच्या मापाने काम कापून घ्यायला शिकले पाहिजे. ते कसे करायचे, हे पुढे लिहिले आहे.

आधी एक शंका दूर करते. हौशी म्हणजे दुय्यम, असे मानण्याचे काहीही कारण नाही. मुंबईत व्हिक्टर परांजोती यांनी १९५६ साली सुरू केलेला आणि १९६७ मध्ये त्यांच्या निधनानंतर कूमी वाडिया यांनी जवळपास अर्धशतक चालवलेला परांजोती अकॅडमी कोरस हा हौशी गायकांचाच वृंद होता, आणि तो युरोपातही जाऊन गाऊन आला. त्याही आधी, एकोणिसाव्या शतकात, इंग्लंडच्या यॉर्कशर भागात कापडगिरण्यांच्या गावांतून मोठमोठे वृंद उभे राहिले. हडर्सफील्डची कोरल सोसायटी १८३६ सालची आहे. पुढे जॉन कर्वेन यांनी सारा ग्लोव्हर यांच्या पद्धतीवरून घडवलेली टॉनिक सॉल-फा ही अक्षरांची स्वरलिपी तिकडे घरोघरी पोहोचली, आणि ज्यांना पाच रेघांचे नोटेशन कधीच शिकायला मिळाले नसते अशी कष्टकरी माणसे चार भागांचे संगीत वाचू लागली. ती लिपी आपल्या सरगमची सख्खी बहीण आहे, आणि मराठी गायकाला तिचा फार मोठा उपयोग आहे. त्याकडे मी थोड्या वेळाने येते.

एकट्याचे काम आणि सगळ्यांचे काम

वृंदगानातली काही कामे फक्त एकट्याने होतात आणि काही फक्त एकत्र उभे राहूनच होतात. स्वर पाठ करणे, शब्द आणि उच्चार बसवणे, कुठे किती मात्रा थांबायचे ते मोजून ठेवणे, आपला प्रवेश कोणत्या आवाजानंतर येतो ते ओळखणे ही सारी एकट्याची कामे. चार भागांचे सूर एकमेकांत मिळवणे, स्वरांचा रंग एकसारखा करणे, श्वास वाटून घेणे आणि कंडक्टरच्या हाताबरोबर लय कमी-जास्त करणे ही सगळ्यांची कामे. एकट्याचे काम तालमीत केले, तर त्याची किंमत सगळ्यांना मोजावी लागते.

हा हिशेब एकदा मांडून पाहावा. चाळीस जणांच्या वृंदात दहा टेनर, म्हणजे पुरुषांतले उंच आवाज, आहेत आणि त्यांना एका पानावरचे स्वर शिकवण्यात पंधरा मिनिटे गेली, तर उरलेल्या तीस जणांची मिळून साडेसात तासांची उपस्थिती वाया गेली. ही माणसे विरार, कल्याण, पनवेलहून सुट्टीचा दिवस मोडून आलेली असतात. उलट, प्रत्येकाने आठवड्यातले पाच दिवस रोज पंधरा मिनिटे आपला भाग पाहिला, तर सोळा आठवड्यांत माणशी वीस तासांचा सराव होतो, आणि तो कोणाच्याही वेळातून कापलेला नसतो. मी पहिल्या वर्षी हे समजून घेतले नव्हते. शेजारच्या अनुभवी बाईंच्या आवाजाला कान लावून मी तालमीत गात असे आणि मला वाटे की आपल्याला येते आहे. एका रविवारी त्या आल्या नाहीत, आणि पहिल्या चार ओळींतच मला कळले की मला माझा भाग येत नव्हता, फक्त त्यांच्यामागून अर्ध्या मात्रेने चालता येत होते. शेजाऱ्याच्या आधाराने गाणारे चारजण एका रांगेत असले की ती सगळी रांग मागे पडते, आणि कंडक्टरला वाटते की लय कळत नाही. त्यामुळे आपला भाग येतो की नाही याची परीक्षा नेहमी एकट्याने, इतर तीन भागांचे ध्वनिमुद्रण चालू ठेवून घ्यावी.

नवी रचना हाती आल्यावर

उदाहरणासाठी मी इटालियन संगीतकार विवाल्दी यांची डी मेजरमधली ग्लोरिया हे लॅटिन स्तुतिगीत घेते, कारण ती हौशी वृंदांच्या आवाक्यातली आहे आणि तिच्यावर हे सारे नीट दाखवता येते. ही रचना सुमारे अर्ध्या तासाची, बारा भागांची, म्हणजे एकामागून एक येणाऱ्या बारा गीतखंडांची, आहे. पुस्तक हाती आल्यावर पहिल्या पानापासून गायला सुरुवात करू नये. एक संध्याकाळ फक्त मोजणीसाठी द्यावी. बारापैकी तिसरा, सहावा आणि दहावा हे भाग एकल गायिकांचे आहेत, म्हणजे वृंदाकडे नऊ उरले. त्यांतला आठवा ऑल्टो गायिका आणि वृंद मिळून गातात आणि त्यात वृंदाचे काम थोडे आहे. चौथा भाग अवघ्या काही ओळींचा आहे. अकरावा ही पहिल्या भागाचीच आटोपशीर आवृत्ती आहे, त्यामुळे पहिला बसला की अकरावा बहुतांशी बसलाच. उरलेल्यांत खरा कस लागतो तो दोन ठिकाणी: बी मायनरमधला संथ दुसरा भाग आणि शेवटची फ्यूग, म्हणजे एकच सुरावट घेऊन आवाज एकामागून एक शिरतात तो भाग. बाराही भागांना सारखा वेळ द्यायचे ठरवले असते तर या दोहोंना सहावा हिस्सा मिळाला असता. प्रत्यक्षात एकट्याच्या सरावातला निम्मा वेळ त्यांनाच द्यावा लागतो.

ही मोजणी झाली की पेन्सिल घेऊन आपल्या आवाजाची ओळ ठळक करावी, आणि प्रत्येक पानावर ज्या जागी पाऊल अडखळेल असे वाटते तिथे समासात खूण करावी. ही खूण पाठांतराच्या आधीच झाली पाहिजे, कारण एकदा चूक पाठ झाली की ती पुसायला शिकण्याच्या कितीतरी पट वेळ लागतो.

शिकण्याचा क्रम शेवटाकडून ठेवावा, असे माझे ठाम मत आहे. सगळे जण सुरुवातीपासून सुरू करतात, दमल्यावर थांबतात आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा सुरुवातीपासून सुरू करतात, त्यामुळे कार्यक्रमात पहिले पान झळकते आणि शेवटची फ्यूग चाचपडत संपते. शेवटचे आठ बार (दोन उभ्या रेघांमधले तालाचे खंड) आधी, मग त्यांच्या आधीचे आठ, असे मागे मागे येत गेले की गाताना आपण नेहमी अनोळखीकडून ओळखीच्या प्रदेशात जातो, आणि दिवसभराच्या कामाने थकलेल्या मेंदूला हा दिलासा फार मोलाचा असतो.

सरगमने पाच रेघा वाचणे

आपल्यापैकी अनेकांनी लहानपणी पेटीवर सरगम गिरवलेली असते आणि स्टाफ नोटेशन समोर आले की बिचकायला होते. गोव्यात चर्चच्या पॅरिश शाळांनी पिढ्यान्‌पिढ्या मुलांना सोल्फा शिकवला, त्यामुळे तिथल्या गायकाला ही भीती नसते. मिझोराममध्ये आजही उपासनेची गीतपुस्तके टॉनिक सॉल-फामध्ये छापली जातात आणि सगळी मंडळी चार भागांत ती वाचून गातात. आपल्या सरगममध्ये सा हलता आहे, म्हणजे तो कोणत्याही पट्टीत ठेवता येतो, आणि सॉल-फाचे तत्त्वही नेमके हेच आहे. डी मेजरमध्ये डीला सा म्हटले की एफ-शार्प गंधार होतो, ए पंचम होतो, आणि त्या शार्पांची, म्हणजे स्वर अर्ध्याने चढवणाऱ्या खुणांची, धास्ती उरत नाही. दुसरा भाग बी मायनरमध्ये आहे, पण शार्प तेवढेच आहेत. म्हणून सुरुवातीला सा जागचा हलवू नये, फक्त विसाव्याचा स्वर मंद्र धैवत आहे हे लक्षात घ्यावे. पुढे संगीत एका पट्टीतून दुसऱ्या पट्टीत सरकत जाते, तिथे नवा सा कुठे येतो ते पेन्सिलीने त्या बारवर लिहावे. मला स्वतःला हे लिहायला एक आठवडा लागला आणि त्यानंतर तो भाग मी कधीच चुकले नाही.

हिंदुस्थानी तालीम झालेल्यांना दोन सवयी मात्र बाहेर ठेवून यावे लागते. एका स्वरावरून दुसऱ्यावर जाताना आपला गळा नकळत मींड घेतो, आणि बारा ऑल्टोंनी बारा प्रकारची बारीक मींड घेतली की सूर धूसर होतो. तसेच ओळीच्या शेवटी येणारी छोटी हरकत, एकल गाण्यात ती कितीही सुंदर असली, तरी इथे आवरावी लागते. स्वर सरळ मध्यावर लावावा आणि सरळ सोडावा.

रोजची पंधरा मिनिटे

पहिली तीन मिनिटे गळा जागा करण्यासाठी. यासाठी मला सापडलेला सर्वांत उपयोगी प्रकार म्हणजे पेल्यात दोन-तीन बोटे पाणी घेऊन त्यात स्ट्रॉ बुडवायची आणि तिच्यातून बुडबुडे काढत एकाच सुरात, नंतर खालून वर आणि वरून खाली घसरत आवाज काढायचा. ओठांपाशी वाट अरुंद झाल्यामुळे स्वरयंत्राच्या वर हवेचा हलका प्रतिदाब तयार होतो आणि स्वरतंतू एकमेकांवर कमी जोराने आपटतात. आवाजतज्ज्ञ इंगो टिट्झे यांनी या व्यायामाचा मोठा प्रसार केला. आवाज बाहेर फारसा जात नसल्याने तो रात्री दहानंतर शेजाऱ्यांना त्रास न देता करता येतो, आणि ऑफिसच्या पॅन्ट्रीतही.

पुढची दहा मिनिटे खूण केलेल्या एका, फार तर दोन जागांसाठी. जिथे अडते ते चार बार निम्म्या लयीत, शब्द बाजूला ठेवून ‘नू’ किंवा ‘ना’वर म्हणावेत. मग फक्त शब्द तालात बोलावेत, मग दोन्ही जोडावे. सलग तीनदा बिनचूक झाले की लय थोडी वाढवावी. हे दहा मिनिटांचे काम सोमवारी, बुधवारी आणि शुक्रवारी केले तर रविवारी सकाळी एकदम अर्धा तास घासण्यापेक्षा ते अधिक टिकते, कारण मधल्या रात्रींच्या झोपेत स्मरण पक्के होत असते. शेवटची दोन मिनिटे आपली ओळ फोनवर मुद्रित करून ऐकावी. आपल्याच आवाजाचे मुद्रण ऐकणे सुरुवातीला नकोसे वाटते, पण खाली उतरलेला सूर गाताना कळत नाही आणि ऐकताना लगेच कळतो.

पूर्ण आवाजात गाण्याची गरज या पंधरा मिनिटांत क्वचितच असते. हलक्या आवाजात, वरचे स्वर सप्तक खाली घेऊन गाण्याला गायक मार्किंग म्हणतात. स्वर शिकण्यासाठी ते पुरते, आणि गळा राखला जातो.

लोकलमधला वेळ

गाडीत गुणगुणू नये. भोवती गोंगाट असला की माणूस स्वतःच्या नकळत आवाज चढवतो, आणि गर्दीत दाबून गुणगुणलेला प्रत्येक स्वर गळ्यावर ताण देतो. गाडीतला वेळ डोळ्यांचा आणि कानांचा आहे. एका फेरीत फक्त पान वाचावे आणि आपली ओळ मनात ऐकावी. दुसऱ्या फेरीत मुद्रण ऐकताना मुद्दाम दुसऱ्याच आवाजाची ओळ बोटाने धरावी. ग्लोरियाच्या दुसऱ्या भागात एक आवाज आधीच्या सुरावर अडून राहतो, शेजारचा आवाज त्याला जेमतेम एका स्वराच्या अंतरावर येऊन घासतो आणि मग तो ताण सुटतो. याला सस्पेन्शन म्हणतात. ही घर्षणे आधी कानाने ओळखलेली नसतील, तर तालमीत तो बेसूरपणा आपल्याच चुकीचा वाटतो आणि गायक घाबरून आपला स्वर सोडतो. त्या जागी न डगमगता उभे राहणे हेच तिथले काम आहे, आणि ते धैर्य ऐकण्यातून येते.

शब्दांसाठी गाडीसारखी जागा नाही. लॅटिन शब्द मी देवनागरीत लिहून घेते आणि इतरांनाही तसे सुचवते. इटालियन वळणाच्या लॅटिन उच्चारातले त आणि द हे आपल्यासारखेच दंत्य आहेत, त्यामुळे ‘एत इन तेर्रा पाक्स, ओमिनिबुस बोने वोलुन्तातिस’ असे लिहिले की रोमन अक्षरे पाहून जिभेवर येणारा इंग्रजी ट गळून पडतो. ‘आग्नुस’ न म्हणता ‘आन्युस’, ‘एक्सेल्सिस’ न म्हणता ‘एक्शेल्सिस’ हेही एकदा लिहिले की विसरत नाही. एक काळजी मात्र घ्यावी. मराठीत आपण अनुस्वारावर लवकर पोहोचतो आणि स्वर नाकात बंद करतो. ‘इन’ किंवा ‘सान्क्तो’ गाताना आधीच्या स्वरावरच थांबायचे आणि न अगदी शेवटच्या क्षणी लावायचा, अशी खूण करून ठेवावी.

नोकरीत खर्च होणारा आवाज

गायकाचा आवाज आणि नोकरीचा आवाज एकाच तिजोरीतून जातो, ही गोष्ट मी फार उशिरा शिकले. बोलताना स्त्रीचे स्वरतंतू सेकंदाला साधारण दोनशे वेळा आणि पुरुषाचे शंभराच्या थोडे वर कंप पावतात. मधल्या सप्तकाच्या ए स्वरावर, म्हणजे ट्यूनिंग फोर्कच्या ४४० हर्ट्झवर, ती संख्या सेकंदाला ४४० होते. शाळेत सहा तास शिकवणारी शिक्षिका, हेडसेट लावून दिवसभर बोलणारा मुलगा किंवा काउंटरच्या काचेमागून ग्राहकांशी बोलणारी माझ्यासारखी कर्मचारी संध्याकाळी तालमीला येते, तेव्हा त्या तंतूंनी लाखो फेऱ्या आधीच केलेल्या असतात. एका वर्षी कार्यक्रमाच्या आठवड्यात मी सलग चार रात्री पूर्ण आवाजात सराव केला, तोही काउंटरवरच्या दिवसांनंतर. पाचव्या दिवशी माझा गळा बसला, आणि कार्यक्रमात मी उभी राहून फक्त ओठ हलवले. त्या संध्याकाळचे दुःख मला अजून आठवते.

तेव्हापासून मी तालमीच्या दिवशी कामावरचे बोलणे मोजून करते. शक्य तिथे लिहून कळवते, लांबच्या सहकाऱ्याला हाक मारण्याऐवजी उठून त्याच्यापाशी जाते, आणि दुपारी पंधरा मिनिटे पूर्ण मौन पाळते. वर्गात शिकवणाऱ्यांनी छोटा माइक वापरावा, त्यात संकोच कसला. वातानुकूलित खोलीत घसा कोरडा पडतो म्हणून पाणी दिवसभर घोटघोट प्यावे. तालमीच्या आधी एकदम बाटलीभर प्यायलेले पाणी स्वरतंतूंपर्यंत त्या तासात पोहोचत नाही. घसा खाकरण्याची सवय मोडावी, खाकरावेसे वाटले की आवंढा गिळावा. कुजबुजणे म्हणजे विश्रांती, हा समज चुकीचा आहे, कारण ताणून कुजबुजल्यानेही गळ्यावर भार येतोच. साध्या पाण्याची वाफ चांगली. तालमीहून रात्री साडेदहाला घरी येऊन तिखट जेवून लगेच आडवे झाले की आम्लपित्त घशापर्यंत येते आणि सकाळी आवाज जाड लागतो. म्हणून मी तालमीच्या आधीच पोळीभाजी खाऊन घेते आणि नंतर हलके काहीतरी घेते. गळा ताणलेला असताना ॲस्पिरिनसारख्या रक्त पातळ करणाऱ्या वेदनाशामक गोळ्या स्वतःच्या मनाने घेऊन गाऊ नये, स्वरतंतूत रक्तस्राव होण्याचा धोका वाढतो. आवाजाचा घोगरेपणा तीन आठवड्यांहून जास्त राहिला तर कान-नाक-घसा तज्ज्ञांना दाखवावे.

तालमीत, संध्याकाळी साडेसातनंतर

थकलेला वृंद खाली उतरतो. पियानो बंद करून एक पान गायले आणि शेवटी पुन्हा पट्टी तपासली, तर बहुतेक वेळा सूर अर्ध्या पावलाने खाली गेलेला सापडतो, आणि हे कामाच्या दिवशीच्या तालमीत जास्त होते. त्याला ठरावीक जागा असतात. खाली उतरणारे स्वर आपण गरजेपेक्षा मोठ्या पावलांनी उतरतो, आणि एकच स्वर पुन्हापुन्हा येतो तेव्हा प्रत्येक वेळी तो केसभर खाली बसतो. उतरताना पावले लहान आहेत आणि पुन्हा येणारा स्वर प्रत्येक वेळी नव्याने वर ठेवायचा आहे, असे मनात धरले की बराच फरक पडतो. बसून गाणेही टाळावे. खुर्चीत कोसळलेल्या बरगड्यांतून लांब ओळीचा दम निघत नाही.

मेजर कॉर्डमधला, म्हणजे एकाच वेळी लावलेल्या सा-ग-प या स्वरांमधला, गंधार ज्यांच्या वाट्याला येतो त्यांनी तंबोरा आठवावा. खर्जाच्या तारेतून आपोआप ऐकू येणारा जो गंधार आहे, तो पियानोच्या गंधारापेक्षा सुमारे १४ सेंटने, म्हणजे अर्ध्या स्वराच्या सातव्या हिश्श्याने, खाली असतो. साथीशिवाय कॉर्ड धरताना तो गंधार लावला की चारही आवाज एकाएकी स्थिर होतात आणि खोलीत कोणी गात नसलेले वरचे स्वर ऐकू येऊ लागतात. पियानो किंवा ऑर्गन वाजत असेल तेव्हा मात्र वाद्याच्या सुराशीच राहावे. तंबोऱ्यावर वाढलेल्या कानाला ही गोष्ट समजावून सांगावी लागत नाही, फक्त इथे ती लागू आहे एवढे सांगावे लागते.

लांब ओळीत श्वास वाटून घ्यायचा असतो. शेजारी घेईल तिथे आपण घ्यायचा नाही, बारच्या रेघेवर घ्यायचा नाही. दीर्घ स्वराच्या मध्ये आवाज हलका करून थांबायचे, श्वास घ्यायचा आणि पुन्हा हलकेच आत शिरायचे. माझ्या दोन्ही शेजारणींशी ठरवून मी माझ्या खुणा केलेल्या आहेत. आवाजाच्या मापासाठी एक साधी कसोटी पुरते: आपल्या दोन्ही बाजूंचे आवाज आपल्याला ऐकू येत नसतील तर आपण मोठ्याने गातो आहोत.

तारखा आणि गैरहजेरी

डिसेंबरच्या मध्यावर कार्यक्रम असेल आणि सोळा तालमी हव्या असतील, तर सोळा आठवडे मागे मोजून ऑगस्टच्या अखेरीस सुरुवात करणारा वृंद हमखास अडचणीत येतो. मध्ये गणपती, नवरात्र आणि दिवाळी येतात, आणि त्या तीन आठवड्यांत निम्मी माणसे घरी किंवा गावी असतात. ऑगस्टच्या पहिल्याच आठवड्यात सुरुवात करावी. मार्चअखेर बँकवाले आणि हिशेबनीस मिळणार नाहीत, परीक्षांच्या काळात शिक्षक मिळणार नाहीत, परदेशी कंपन्यांची कामे करणाऱ्यांना रात्रीच्या वेळा कठीण असतात. हे सगळे पहिल्या बैठकीतच प्रत्येकाकडून लिहून घ्यावे. सप्टेंबर २०१५ पासून बँकांना दुसऱ्या आणि चौथ्या शनिवारी सुट्टी असते, त्यामुळे पूर्ण दिवसाच्या तालमीसाठी आमच्याकडे तेच शनिवार धरले जातात. कार्यक्रमाची आणि रंगीत तालमीची रजा तारीख कळताच टाकावी. आदल्या आठवड्यात मागितलेली रजा साहेबांनी नाकारली तर त्यात त्यांचा दोष नसतो. घरच्यांनाही हीच तारखांची यादी द्यावी. रविवारची संध्याकाळ आपण त्यांच्याकडून घेतो, तर शनिवारची त्यांच्यासाठी मोकळी ठेवणे आपल्याकडे लागते.

तालीम चुकली तर ‘पुढच्या वेळी बघू’ म्हणू नये. प्रत्येकाने आपल्या रांगेत एक जोडीदार ठरवून ठेवावा आणि त्याच रात्री त्याच्या पानांचे फोटो मागवून सगळ्या खुणा आपल्या पुस्तकात उतरवून घ्याव्यात, कारण श्वास, जोर आणि उच्चारांचे निर्णय दोन दिवसांनी त्यालाही सांगता येत नाहीत. पहिल्यांदाच येणाऱ्यांनी पेन्सिल आणि खोडरबर आणावे. पेनाने केलेली खूण पुढच्या कंडक्टरने बदलली की पान वाचता येत नाही.

कार्यक्रमाचा दिवस

शेवटच्या आठवड्यात नवे काही शिकू नये. मंगळवारनंतर घरचा सराव मार्किंगमध्येच करावा आणि रोज रात्री एक तास लवकर झोपावे. कार्यक्रम कामाच्या दिवशी असेल तर किमान अर्ध्या दिवसाची रजा घ्यावी. दुपारी वरणभात, त्यानंतर फोनवर बोलणे नाही, निघण्याआधी पाच मिनिटे स्ट्रॉ. सभागृहात एक ओळ गाऊन झाली की आवाज घरच्यापेक्षा कोरडा किंवा घुमणारा वाटेल आणि कान गोंधळतील. तेव्हा आवाज न वाढवता कंडक्टरच्या हातावर भरवसा ठेवावा, कारण मागच्या रांगांपर्यंत काय पोहोचते आहे ते फक्त तिथून कळते. पुस्तक छातीच्या उंचीवर धरावे, म्हणजे पान आणि हात एकाच नजरेत राहतात.

दुसऱ्या दिवशी सकाळी पुन्हा काउंटर असतो. त्या दिवशी मी कमी बोलते, आणि जेवणाच्या सुट्टीत पुस्तक उघडून काल जिथे अडखळले त्या बारवर तारीख लिहून ठेवते. आमच्या वृंदाने तीच रचना तीन वर्षांनी पुन्हा घेतली, तेव्हा माझा सराव त्या तारखांपासूनच सुरू झाला.